आधी घड्याळाशी, मग माणसांशी



आपल्या मंडळाच्या कार्यक्रमात जेवणाच्या रांगेत उभं राहिलं की पहिल्या पाच मिनिटांत एक प्रश्न हमखास येतो. "काय, मुलं काय करतात सध्या?" उत्तर "इंजिनिअरिंग" असेल तर विचारणारा समाधानाने मान हलवतो आणि श्रीखंडाकडे वळतो. "मोटारीच्या कंपनीत मोठ्या हुद्द्यावर आहे" म्हटलं तर श्रीखंडाचा आणखी एक डाव तुमच्याच ताटात पडतो. पण "बर्फावर शर्यती करते" असं कुणी म्हणालं की तो डाव हवेतच थांबतो. "अरे वा, छान! आणि करते काय?"

म्हणजे मोटार हे करिअर आणि बर्फ ही सुट्टी, असा आपला सर्वसाधारण हिशोब. या वेळच्या सदरात आम्ही ही दोन्ही एकाच ताटात वाढणार आहोत: मोटारउद्योगातल्या वरच्या खुर्च्या आणि स्की क्रॉस नावाची शर्यत. "हा कुठला मेळ, श्रीखंडात लोणचं!" असं म्हणायची घाई मात्र करू नका. या दोन्ही क्षेत्रांत पुढे जाण्याची रीत सारखी आहे, आणि नेमकी तीच रीत आपण घरी मुलांना शिकवत नाही, असं आम्हांला वाटतं.

आधी खेळाची ओळख करून घेऊ. पुण्यात अलका टॉकीजच्या चौकात लाल दिवा लागलाय. सगळ्यांत पुढे चार स्कूटरवाले एका ओळीत. चौघांचा एक डोळा दिव्यावर आणि दुसरा शेजाऱ्याच्या चाकावर. आता त्या रस्त्याला उतार द्या, वर बर्फ पसरा, स्पीडब्रेकर माणसाच्या उंचीचे करा आणि वळणांच्या कडा परातीसारख्या वर उचला. दिवा हिरवा झाल्यावर जे होईल ते स्की क्रॉस. चार जण एकदम सुटतात, उंचवटे, उड्या आणि वळणं पार करत साधारण एक-सव्वा मिनिटात खाली पोचतात. पहिले दोघे पुढच्या फेरीत जातात आणि उरलेले दोघे घरी. किती सेकंद लागले याला इथे काही किंमत नाही. कोण आधी पोचलं एवढंच बघायचं.

हा खेळ तसा तरुण. १९९०च्या दशकाच्या शेवटी तो पुढे आला आणि २०१०च्या व्हँकुव्हर हिवाळी ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा पदकाचा झाला. पुरुषांत स्वित्झर्लंडचा मिखाएल श्मिड आणि स्त्रियांत कॅनडाची अ‍ॅशली मॅकआयव्हर हे त्याचे पहिले विजेते. त्याचं रूप मोटरसायकलींच्या मोटोक्रॉसवरून घेतलेलं आहे, आणि मोटोक्रॉसचं मूळ शोधायला आपल्याला फार लांब जायला नको. माळरानावर मोटरसायकली पिटाळण्याची 'स्क्रॅम्बल' नावाची पहिली शर्यत १९२४ साली सरेमधल्या कॅम्बरलीला झाली. तेव्हा मोटार आणि स्की यांचं नातं आम्ही ओढूनताणून आणलेलं नाही, ते मुळातच आहे.

"पण आपला आणि बर्फाचा काय संबंध?" असं विचारणाऱ्यांना आणखी एक गंमत सांगतो. उतारावरच्या स्की शर्यतींना आजचं रूप देणाऱ्यांत ज्याचं नाव सगळ्यांत आधी घेतात तो सर अर्नोल्ड लन १८८८ साली मद्रासला जन्मला. वडील मिशनरी म्हणून तिकडे गेलेले. याच लनने १९२२ साली स्वित्झर्लंडमध्ये म्यूरेनला झेंड्यांमधून वळत जाण्याची आधुनिक स्लालम शर्यत भरवली. त्याच्याही आधी, १९११ साली, उतारावरची जी जुनी नामांकित शर्यत सुरू झाली तिचा चषक फील्ड मार्शल लॉर्ड रॉबर्ट्स यांच्या नावाचा, आणि हे रॉबर्ट्स जन्माने कानपूरचे! म्हणजे मद्रास-कानपूरच्या पाळण्यातली मुलं आल्प्सवर जाऊन शर्यती भरवू शकतात आणि आपली लेस्टर-हॅरोला जन्मलेली मुलं मात्र "आपल्याला कुठे थंडी सोसते" म्हणून घरात. असो.

आता आम्हांला ज्यात खरा रस आहे त्या भागाकडे येतो.

स्की क्रॉसचे दोन टप्पे असतात. पहिला पात्रतेचा. त्यात प्रत्येकाने एकट्याने, घड्याळ लावून खाली यायचं. वाटेत कुणी नाही, धक्का नाही, कुणाची अडचण नाही. ज्याचा वेळ कमी त्याचा क्रमांक वरचा. दुसरा टप्पा चौघांच्या फेऱ्यांचा. तिथे पहिल्या टप्प्याच्या क्रमांकाचा उपयोग एवढाच, की तुम्ही कुठल्या चौकडीत पडता ते ठरतं आणि आपलं गेट निवडायचा मान वरच्या क्रमांकाला आधी मिळतो. ज्याचा क्रमांक सर्वांत वर त्याला लाल बिल्ला, मग हिरवा, निळा, पिवळा. एकदा गेट उघडलं की तुमचा पात्रतेतला वेळ गेला वाऱ्यावर. पिवळा बिल्लावालाही लाल बिल्लावाल्याच्या पुढे जाऊ शकतो, आणि पुष्कळदा जातो.

मंडळी, हे वाचताना तुमच्या मनात जे आलं तेच आमच्या मनात आलं. आपण आपल्या मुलांना पहिल्या टप्प्यासाठी तयार करतो. पाढे, स्पेलिंग, अकराव्या वर्षीची ग्रामर स्कूलची परीक्षा, जीसीएसई, ए लेव्हल. प्रत्येक वेळी मूल एकटं, समोर घड्याळ आणि कागद. त्यात आपली मुलं हुशार आहेत. अंकाच्या शेवटच्या पानावरचे अभिनंदनाचे चौकोन बघा, जागा पुरत नाही. पण नोकरी लागल्यावर चौघं एका ओळीत उभे राहतात आणि गेट उघडतं. आपलं मूल मग वाट बघत उभं राहतं, की आता कुणीतरी निकाल लावेल.

गुणपत्रिकेने गेट निवडायचा मान मिळतो. शर्यत जिंकून मिळत नाही.

मिडलंड्समध्ये आपली किती माणसं मोटारीच्या कारखान्यांत आणि त्यांच्या पुरवठादारांकडे राबली, हे वेगळं सांगायला नको. कॉव्हेंट्री, बर्मिंगहॅम, सॉलिहल इथल्या मराठी घरांत असा एखादा काका असतोच, ज्याच्याशिवाय गिअरबॉक्सचं कोडं सुटत नसे. साहेब अडला की काकांना फोन. काका रात्री अकराला गाडी काढून जाणार, कोडं सोडवणार, आणि पुढच्या सोमवारी साहेबाची बढती होणार. काका निवृत्त झाले तेव्हा त्यांना घड्याळ मिळालं, मोठं सुरेख. घड्याळाशीच शर्यत केली, घड्याळच मिळालं.

यात रंगाचा वाटा नव्हता असं कुणी म्हणू नये. होता, आणि चांगला रुंद होता. बैठकीत आपलं म्हणणं कुणी ऐकलं नाही आणि दहा मिनिटांनी तेच दुसऱ्याने म्हटल्यावर सगळ्यांनी माना डोलावल्या, हा अनुभव आपल्यापैकी किती जणांचा आहे! पण सगळं माप त्याच एका पदरात घातलं तर मुलांना सांगण्यासारखं आपल्याकडे काही उरत नाही. तेव्हा जे वर पोचले ते कसे पोचले, तेही बघायला हवं.

सुरुवात आपल्या घरातल्या माणसापासून करू. सुमंत मुळगावकर. १९०६ साली मुंबईत जन्म, शिक्षण लंडनच्या इंपीरियल कॉलेजात. म्हणजे साउथ केन्सिंग्टनच्या ज्या फुटपाथवरून आपण मुलांना सायन्स म्युझियमला नेतो त्याच रस्त्यांवरून हा मराठी तरुण पुस्तकं घेऊन जात असे. परत गेल्यावर काही वर्षं सिमेंटच्या धंद्यात काढली. १९४९ साली टेल्कोत आले आणि पुढे जवळजवळ चाळीस वर्षं त्या कंपनीशी बांधलेले राहिले. १९५४ साली टेल्कोने जर्मनीच्या डाइम्लर-बेंझशी करार केला, तो पंधरा वर्षांचा. करार संपेल तेव्हा आपल्या पायावर उभं राहता आलं पाहिजे, या हिशोबाने पुण्याचा कारखाना आणि तिथलं संशोधन केंद्र १९६०च्या दशकात उभं राहिलं. हत्यारं, साचे बनवणारे कारागीर आणि शिकाऊ मुलं आधी, ट्रक मागाहून.

त्याचा कस लागला १९८०च्या दशकात. हलक्या ट्रकच्या बाजारात एकाच वेळी चार जपानी नावं उतरली: टोयोटा, माझदा, मित्सुबिशी आणि निस्सान, प्रत्येकाचा हात कुठल्या ना कुठल्या भारतीय कंपनीच्या हातात. चौघं एका ओळीत आणि गेट उघडलेलं! टेल्कोने पुण्यात स्वतः आराखडा केलेली ४०७ ही गाडी १९८६ साली आणली आणि ती त्या सगळ्यांना पुरून उरली. आजही गावाकडच्या रस्त्यावर ४०७ दिसली नाही असं होत नाही. मुळगावकर १९८९ साली गेले. १९९४ साली आलेल्या 'सुमो' गाडीचं नाव त्यांच्या नावा-आडनावाची पहिली अक्षरं घेऊन ठेवलं, 'सु' आणि 'मु'चं इंग्रजी 'मो'. आपल्या मुलांना सुमो म्हणजे जपानी पैलवान एवढंच माहीत असतं. त्यांना हेही सांगा.

याच कंपनीच्या पुण्याच्या कारखान्याची आणखी एक गोष्ट मुलींच्या आईबापांसाठी. १९७४ साली टेल्कोने इंजिनिअर हवेत म्हणून जाहिरात दिली आणि खाली लिहिलं, की स्त्रियांनी अर्ज करू नये. बंगळूरला शिकत असलेल्या सुधा कुलकर्णी नावाच्या मुलीने सरळ जे. आर. डी. टाटांना पोस्टकार्ड धाडलं, की हे तुम्हांला शोभत नाही. तिला मुलाखतीला बोलावलं, घेतलं, आणि ती कारखान्यात काम करणारी टेल्कोची पहिली स्त्री इंजिनिअर झाली. पुढे सुधा मूर्ती म्हणून सगळे त्यांना ओळखू लागले. गुण त्यांच्याकडे भरपूर होते, पण त्या गेटशी त्यांना नेलं ते पोस्टकार्डाने.

आता इकडची उदाहरणं. लिंडा जॅक्सन या बाई कॉव्हेंट्रीच्या. सत्तरच्या दशकात जग्वारमध्ये सुट्टीतल्या तात्पुरत्या कामावर लागल्या. इंजिनिअर नव्हेत बरं का, हिशेब खात्यातल्या. रोव्हरमध्ये वर्षानुवर्षं काम केलं, त्यात फ्रान्सला बदली झाली तर गेल्या, नोकरी करता करता वॉरिकला एमबीए केलं. २०१४ साली त्या सिट्रोएन कंपनीच्या प्रमुख झाल्या आणि २०२१ साली प्यूजोच्या. एक ब्रिटिश बाई, तीही हिशेब खात्यातून आलेली, फ्रेंच मोटार कंपनीच्या शिखरावर. अमेरिकेत मेरी बारा अठराव्या वर्षी जनरल मोटर्सच्या कारखान्यात शिकाऊ म्हणून शिरल्या आणि २०१४ साली त्याच कंपनीच्या प्रमुख झाल्या. दोघींच्या वाटेत एक गोष्ट सारखी दिसते. एकच खातं धरून त्या बसल्या नाहीत. कारखाना, माणसं, पैसा, विक्री, परका देश, जिथे अडलं तिथे जाऊन उभ्या राहिल्या.

जग्वार लँड रोव्हरची कथा तर आपल्या सर्वांच्या तोंडावर आहे. १९९८ साली टाटांनी इंडिका आणली, पहिलं वर्ष जड गेलं. १९९९ साली रतन टाटा आणि त्यांची मंडळी मोटारीचा धंदा फोर्डला विकायच्या बोलण्यांसाठी डेट्रॉइटला गेली आणि अपमान गिळून परत आली. ही हकिकत त्या वेळी बरोबर असलेल्या प्रवीण काडले यांनीच २०१५ साली मुंबईच्या एका समारंभात सांगितली. नऊ वर्षांनी, जून २००८मध्ये, जग्वार आणि लँड रोव्हर याच टाटांनी फोर्डकडून २.३ अब्ज डॉलरला घेतल्या. मधल्या काळात पुण्यात बनलेली इंडिका 'सिटीरोव्हर' नावाने इथल्या शोरूममध्येही उभी होती, २००३पासून २००५मध्ये एमजी रोव्हर बुडेपर्यंत. त्या बुडण्यात लाँगब्रिजच्या सुमारे सहा हजार माणसांची नोकरी गेली, हेही विसरू नये. वरच्या खुर्चीतल्या माणसाचं वळण चुकलं तर खाली कोण पडतं, ते बर्मिंगहॅमच्या मंडळींनी जवळून पाहिलंय.

आणि नोव्हेंबर २०२५मध्ये जग्वार लँड रोव्हरच्या प्रमुखपदी पी. बी. बालाजी आले, त्या कंपनीचे पहिले भारतीय प्रमुख. शिक्षण इंजिनिअरिंगचं, पण मधली बरीच वर्षं गेली साबण-तेलाच्या युनिलिव्हरमध्ये, हिशेब आणि पैसा सांभाळण्यात. त्यांनी सूत्रं घेतली तीही कशा वेळी! त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये सायबर हल्ल्याने कंपनीचे कारखाने काही आठवडे बंद पडले होते आणि मिडलंड्समधले शेकडो छोटे पुरवठादार हवालदिल झाले होते. अशा वेळी कुठल्या पुस्तकातलं उत्तर लिहिणार? पेपर फुटलेला नाही, वेळ संपत आलेला आहे आणि शेजारचा कोपर मारतोय, अशी ती परीक्षा.

कोपराचं म्हणाल तर त्याचेही नियम आहेत. स्की क्रॉसमध्ये अंगाला अंग लागतं, ते चालतं. पण मुद्दाम ढकललं, ओढलं, वाट अडवली तर पंच खालचा क्रमांक देतात. २०२२च्या बीजिंग ऑलिंपिकमध्ये स्वित्झर्लंडची फॅनी स्मिथ तिसरी आली. पंचांनी चित्रफीत बघून ठरवलं की तिच्यामुळे जर्मनीच्या डॅनिएला मायरला अडथळा झाला. स्मिथ चौथी आणि कांस्यपदक मायरला. मग अपील, निर्णय उलटला, पुन्हा वाद, आणि शेवटी डिसेंबरमध्ये समझोता होऊन पदक दोघींना. म्हणजे कुठवर भिडायचं आणि कुठे थांबायचं, हे त्या खेळातल्या सर्वोत्तम माणसांनाही दर वेळी नव्याने ठरवावं लागतं. आपण मुलांना काय सांगतो? "भांडू नकोस, बाजूला हो, आपण आपलं काम करावं." शिकवण चांगली, पण अर्धी. बाजूला कधी व्हायचं नाही, हा उरलेला अर्धा भाग कुणी शिकवायचा?

आणखी एक बारकावा आहे. स्की क्रॉसमध्ये दुसऱ्या क्रमांकावर असणं हा नेहमीच तोटा नसतो. पुढचा वारा कापतो, मागच्याला कमी ताकद लागते, आणि सपाट जागा आली की मागचा झपकन बाहेर पडून पुढे जातो. मोटारींच्या शर्यतीतही हेच चालतं. आपल्या घरात मात्र दुसरा नंबर आला की जेवणाची चव जाते.

इथल्या स्कीपटूंचीही गोष्ट ऐका. ब्रिटनमध्ये आल्प्स नाही, त्यामुळे इथली बरीच मुलं प्लास्टिकच्या ब्रशासारख्या उतारांवर शिकतात, त्यांना ड्राय स्लोप म्हणतात. लँकेशरमधल्या पेंडलच्या अशाच उतारावर डेव्ह रायडिंग शिकला. ऑस्ट्रियात किट्झब्यूलला २२ जानेवारी २०२२ रोजी त्याने स्लालम जिंकली, तेव्हा तो पस्तीस वर्षांचा होता. आल्पाइन विश्वचषकाची शर्यत जिंकणारा तो पहिला ब्रिटिश. स्की क्रॉसमध्ये एमिली सार्सफील्डचं नाव घ्यायला हवं. २०१०चं ऑलिंपिक गुडघ्याच्या दुखापतीने हुकलं. २०१४ला संघात निवड झाली नाही. चार वर्षं आणखी थांबली, पैसा स्वतः उभा केला आणि २०१८ला प्योंगचांगला उतरली.  पदक नाही मिळालं. पण आठ वर्षं दार बंद असताना दाराशी उभं राहणं कशाला म्हणतात, ते तिच्याकडून शिकावं. टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण नाही, हे आपण म्हणतो. ती ते जगली.

आता धोक्याबद्दल स्पष्ट बोलू, कारण आईवडिलांच्या पोटात गोळा येतो तो उगाच नाही. २०१२ साली कॅनडाचा निक झोरिचिच स्वित्झर्लंडमध्ये ग्रिंडेलवाल्डला शर्यतीत शेवटच्या उडीनंतर पडून गेला. २०१४ साली रशियाची मारिया कोमिसारोव्हा सरावात पडली आणि पाठीचा कणा मोडला. दुरून डोंगर साजरे, हे या खेळाइतकं कुठेच खरं नसेल. शिवाय खर्च आहे. साहित्य, प्रवास, परदेशातल्या छावण्या, आणि शनिवार-रविवारी पहाटे उठून गाडी चालवणारे आईवडील. तेव्हा प्रत्येकाने मुलाला स्की क्रॉसला घाला, असं आम्ही मुळीच म्हणत नाही. कुणाचं मूल खरंच त्या वाटेला लागलं असेल, तर "आणि करते काय?" हा प्रश्न मात्र तेवढा आवरा. ती काय करते, ते तुम्ही दीड पान वाचलंत.

आमचं म्हणणं साधं आहे. मुलांच्या आठवड्यात एक तरी जागा अशी हवी जिथे घड्याळाशी नाही, माणसांशी गाठ पडते. खेळ कुठलाही चालेल. आपली कबड्डी घ्या की! दम धरून समोरच्या सात जणांत एकट्याने शिरायचं, एखाद्याला हात लावून परत यायचं, आणि पकडलं तर हसत बाहेर बसायचं. त्याहून चांगलं मॅनेजमेंटचं शिक्षण आम्हांला तरी माहीत नाही. बर्फच हवा असेल तर टॅमवर्थचा स्नोडोम १९९४पासून आहे, सॉलिहलहून गाडीने अर्ध्या-पाऊण तासावर. लंडनकडच्यांना हेमेल हेम्पस्टेड आहे, मँचेस्टरकडच्यांना ट्रॅफर्डचं चिल फॅक्टर. तिथे मुलांना पहिल्या दिवशी वेग शिकवत नाहीत. आधी थांबायचं कसं ते शिकवतात, मग पडायचं कसं, आणि पडल्यावर आपलं आपण उठायचं कसं. हे तीन धडे मोफत मिळत नाहीत, पण स्वस्त आहेत.

मोटारीची ओढ असलेल्या मुलांसाठीही अशी जागा आहे. मेकॅनिकल इंजिनिअरांची इथली संस्था १९९८पासून फॉर्म्युला स्टुडंट ही स्पर्धा भरवते. विद्यापीठातली मुलं मिळून एक छोटी शर्यतीची गाडी बनवतात आणि उन्हाळ्यात सिल्व्हरस्टोनला घेऊन जातात. गुण नुसत्या वेगाला नाहीत. आराखडा का असा केला ते परीक्षकांपुढे पटवून द्यावं लागतं, खर्चाचा हिशेब द्यावा लागतो, ही गाडी विकणार कशी ते उभं राहून सांगावं लागतं. तुमचं मूल इंजिनिअरिंगला असेल तर "फर्स्ट क्लास येईल ना?" या प्रश्नाच्या जोडीला "तुमच्या संघात पैसे मागायला कोण जातं?" हेही एकदा विचारा. २०१५पासून डिग्री अप्रेंटिसशिपची सोय आहे, पगार घेत कारखान्यात काम करायचं आणि त्याचबरोबर पदवी मिळवायची. आपल्याकडे 'अप्रेंटिस' म्हटलं की नाक मुरडतात. मेरी बारा तशाच आल्या होत्या, एवढं ध्यानात ठेवा.

आणि शेवटचं, मोठ्यांसाठी. आपल्यातले बरेच जण अजून नोकरीत आहेत, पन्नाशीच्या अलीकडे-पलीकडे. पुढच्या बैठकीत तुमचा मुद्दा दुसऱ्याने आपला म्हणून मांडला, तर गप्प बसून घरी येऊन पिठलं-भात खाताना बायकोला सांगू नका. तिथेच, शांतपणे, हसत सांगा, "हेच मी दहा मिनिटांपूर्वी म्हणालो, आणि त्याचा पुढचा भाग असा आहे." अंगाला अंग लागलं तर चालतं. पंच त्याला चूक धरत नाहीत.

मंडळातल्या ज्या घरांत कुणी मुलगा-मुलगी स्पर्धेत स्की करत असेल, किंवा फॉर्म्युला स्टुडंटच्या गाडीखाली झोपून नट आवळत असेल, त्यांनी आम्हांला जरूर कळवावं. पुढच्या अंकात त्यांचे अनुभव त्यांच्याच शब्दांत छापायचा विचार आहे, मराठी मोडकीतोडकी असली तरी चालेल. आणि मिडलंड्समधल्या काकालोकांनो, ते गिअरबॉक्सचे किस्सेही लिहून पाठवा. आता तरी ते तुमच्या नावावर छापले जातील.